इराची लाल कमान

मी फिजिओथेरपिस्ट. माणूस का लंगडतो, हात का थरथरतो याची कारणं शोधणं हेच माझं काम. त्यामुळे कारण न सापडणारे अनुभव मी कायम हसण्यावारी नेले. पण हे माझ्याच घरात घडलं... कुवेतमध्ये, रिग्गईतल्या आमच्या फ्लॅटमध्ये.

गेल्या हिवाळ्यात माझे बाबा चिपळूणहून राहायला आले होते. त्यांना पार्किन्सन्स आहे; उजवा हात सतत थरथरतो. दाढी माझा नवरा करून द्यायचा. तेवढा वेळ बाबा डोळे घट्ट मिटून बसायचे. मला ते बघवायचं नाही.

माझी मुलगी इरा नववीत आहे, इंग्रजीत फॅन्टसी लिहिते. तिच्या गोष्टीत जपानी देवळांपुढे असते तशी लाल कमान होती — तोरी. पलीकडे देवांची जागा, म्हणून आधी हात धुवायचे, चूळ भरायची. बाईसाहेबांनी पीव्हीसी पाइपची तशीच कमान आमच्या पॅसेजमध्ये उभी केली. शेजारी पाण्याचं पातेलं, ओगराळं आणि चूळ टाकायला तसराळं!

"आजोबा, नो शॉर्टकट! आधी हात, मग चूळ."

"बरं बाई," म्हणत बाबांनी सगळं केलं आणि कमानीखालून खोलीत गेले. मागोमाग मी चहा नेला. त्यांनी कप उजव्या हातात घेतला... थेंबही सांडला नाही.

बाबा हाताकडे बघतच राहिले. मग हळूच म्हणाले, "माझं दाढीचं सामान आण गं."

त्या दुपारी त्यांनी स्वतः दाढी केली. हॉलमध्ये परत आले, आणि थरथर पुन्हा सुरू.

मला राहवेना. हात न धुता पाठवून पाहिलं — हात थरथरतच राहिला. मग हात धुवून, चूळ भरून झाल्यावर डोळ्यांवर पट्टी बांधली आणि त्यांना न सांगता कमान बाजूला केली. थरथर तशीच. पट्टी तशीच ठेवून कमान परत लावली, की हात शांत! आमच्या क्लिनिकमधले डॉक्टर म्हणाले, "मनाचा विश्वास बसला की थरथर कमी होते कधीकधी." पण डोळे बांधलेल्या माणसाला कमान आहे की नाही, हे कळलं कसं?

बाबा परत गेल्यावर माझ्या भावाने चिपळूणला तशीच कमान करून दिली. व्हिडिओ कॉलवर बाबा इराला सांगतात, "रोज जातो हो तुझ्या कमानीखालून!" इरा खूश.

एकदा कॉलच्या वेळी ती खोलीत नव्हती. बाबा म्हणाले, "इथे काही होत नाही गं. पोरीला सांगू नकोस."

इराला मराठी वाचता येत नाही, म्हणून हे मराठीत लिहितेय.