काशीबाईंचं अडलेलं पान

अण्णा गेल्याचा फोन निंबर्ग्याला आला तेव्हा मी ज्वारी निवडत होते. निवडून झाली, मगच उठले. घरच्यांना ते कठोर वाटलं. मला दुसरं काही सुचतच नव्हतं… त्याला आता दीड महिना झाला.

माझे हे थोरले भाऊ बीदरला इतिहास शिकवायचे आणि वेठबिगारीवर लिहायचे. बोलल्यापायी तुरुंगात गेलेल्यांची बाजूही त्यांनी मांडली. ज्याची हकिकत, त्याला ती वाचून दाखवायची आणि त्याच्या होकाराशिवाय छापायची नाही, ही त्यांची रीत. एकेका पानासाठी चार-चार खेपा! मी चिडवायचे, “पुस्तक लिहायलाव का चपला झिजवायलाव?”

शेवटच्या पुस्तकात कमठाण्याच्या काशीबाईंची हकिकत होती. त्यांची आई पाटलाच्या घरी वेठीनं दळायची. काशीबाईंचा तान्हा भाऊ तापानं फणफणला होता, तरी आईला जात्यावरून उठू दिलं नाही. पोर गेलं. तो पाटील म्हणजे आमचे आजोबा.

तेव्हा माझ्या लेकीची सोयरीक ठरत होती. मी अण्णांचे पाय धरले. “तेवढं नाव काढा.”

त्यांनी ते खोडलं. आपलं झाकून दुसऱ्याचं वाकून बघणाऱ्यांना आयुष्यभर झोडपणाऱ्या माणसानं! पण रीत मोडली नाही. मला कमठाण्याला नेलं, पान हातात दिलं, म्हणाले, “तू वाच.” मी वाचलं, ‘एका घरी…’

काशीबाईंनी मलाच विचारलं, “एका घरी म्हंजी कुणाच्या, अक्का? माझ्या मायला घर ठावं न्हवतं का?”

मी पान अण्णांच्या हातात परत दिलं. काशीबाईंनी होकार दिला नाही.

नाव घालावं तर लेकीचं लग्न मोडणार, न घालावं तर काशीबाई नाही म्हणतात. पुस्तक तिथंच अडलं. लेकीची मुलं कॉलेजात गेली, तरी ‘आता घाला’ असं माझ्या तोंडून निघालं नाही. आपल्या माणसांपुढं मी अशीच भित्री. दोन वर्षांपूर्वी काशीबाई गेल्या आणि अण्णांनी लिहिणंच सोडलं.

परवा त्यांच्या टेबलावर ते पान सापडलं. खोडलेल्या नावाशेजारी पेन्सिलीनं लिहिलं होतं, ‘शांताला विचारायचं.’

शांता मीच. त्यांनी कधीच विचारलं नाही. मी काय म्हणाले असते, हे त्यांना ठाऊक असणार.

ते घर संगप्पा पाटलांचं, माझ्या आजोबांचं. आज हे लिहून कुणाचंही लग्न मोडत नाही. ऐकायला मात्र दोघांपैकी कुणीच नाही.