आई जे बोललीच नव्हती

इथल्या भुताखेतांच्या पोस्ट मी आजवर निव्वळ टाइमपास म्हणून वाचल्या. हिंजवडीत सॉफ्टवेअर टेस्टिंग करते… बग दिसला की कारण सापडतंच, असा माझा विश्वास. या एका गोष्टीचं मात्र सापडत नाहीये.

काही वर्षांपूर्वी माझ्या ताईचा कात्रजच्या तिच्या फ्लॅटमध्ये खून झाला. चोर शिरला असावा, असं पोलीस म्हणाले. पकडलं कुणालाच गेलं नाही. मध्यंतरी एका क्राइम डॉक्युमेंटरीवाल्यांनी आईची मुलाखत मागितली. शूटिंग आमच्या शनिवार पेठेतल्या घरीच झालं. मी पूर्ण वेळ आईशेजारी बसून होते.

एपिसोड आला तेव्हा भाऊजीही — म्हणजे ताईचे मिस्टर — बघायला आमच्याकडे आले. ताई गेल्यावरही त्यांनी येणं-जाणं ठेवलं होतं.

स्क्रीनवर आई ताईच्या लहानपणाबद्दल बोलत होती. आणि मध्येच, अगदी शांतपणे — "तिने आधी पाणी मागितलं. त्याने दिलं. तिचं पिऊन होईपर्यंत थांबला तो."

असं आई बोललीच नव्हती!

"अगं, मी कधी म्हटलं हे?" आईने मलाच विचारलं.

भाऊजींचा चेहरा पांढराफटक पडला होता. "आई… हे तुम्हाला कोणी सांगितलं?"

ते उठले आणि चहा तसाच टाकून निघून गेले.

मी पोलिसांकडे गेले. साहेब म्हणाले, "मॅडम, प्रश्न विचारला म्हणून आत टाकायचं, तर अख्खं पुणं आत जाईल." तरी त्यांनी भाऊजींना चौकशीला बोलावलं. पुढे काहीच नाही. भाऊजी मात्र आईला सारखे फोन करतात — "नेमकं कोण म्हणालं तुम्हाला?" आम्ही कुलूप बदललंय. बेल वाजली की आधी दाराच्या भिंगातून बघते.

शेवटी मी डॉक्युमेंटरीच्या दिग्दर्शिकेला विचारलं, आवाज नंतर जोडलात का? ती दुखावली. "अहो, काकूंचंच वाक्य आहे ते. मूळ फुटेज पाठवते, तुम्हीच बघा."

पाहिलं. कुठेही कट नाही. आई ते वाक्य बोलते, ओठ जुळतात. शेजारी मी बसलेय, तिचा हात हातात धरून. आईचं बोलणं संपतं, तशी मी मान डोलावते… आणि हळूच म्हणते, "हो. थांबला होता."

मला यातलं काहीही आठवत नाही. आईला ते फुटेज मी अजून दाखवलेलं नाही.