पप्पांच्या जागेवर

पप्पा सिन्नरकडच्या एका अनुदानित शाळेत लिपिक होते. नोकरीत असतानाच गेले. दीड वर्ष फायलींच्या मागे धावल्यावर अनुकंपा तत्त्वावर मी त्याच शाळेत लागले. टेबल तेच, खुर्ची तीच, कपाटाच्या कुलपाला हिसका द्यावा लागतो तोही तसाच. पगार तेवढा तो नाही. पहिली तीन वर्षं मानधन. ठरावीक रक्कम, ना महागाई भत्ता, ना वाढ.

हे आईच्या डोक्यात शिरेना. शिरणार तरी कसं? "पप्पांच्या जागेवर लागली," असं ज्यानं त्यानं तिला सांगितलेलं. जागा त्यांची म्हणजे पगारही त्यांचाच, असा तिचा सरळ समज. पहिल्या महिन्याचे पैसे तिच्या हातात ठेवून मी मानधनाचं सांगितलं, तर म्हणाली, "मानधन अंगणवाडीच्या बायांना असतं. शाळेच्या पगाराला कोणी मानधन म्हणतं का? बाकीचे कुठंयत?"

बाकीचे! डोकंच फिरलं माझं. बाकीचे असते तर मी रोज नाशिकरोडहून एसटीत उभ्यानं धक्के खात गेले असते का? पण ऐकेल ती आई कसली. एकदा तिनं कपाटातून माझं पासबुक काढलं आणि शेजारच्या काकूंकडून वाचून घेतलं. आकडा मी सांगितला तोच निघाला. तर काकू काय म्हणाव्यात? "दुसरं खातं असेल." झालं! त्या दिवसापासून ते दुसरं खातं आमच्या घरात राहायलाच आलं. मी चप्पल घेतली, दुसरं खातं. फोनवर हळू बोलले, दुसरं खातं. पप्पा आख्खा पगार हातात द्यायचे आणि ही पोटची पोर मला फसवती, असं तिनं मावशीला फोनवर सांगितलं, मी समोर बसून भाजी चिरत असताना. मग माझ्यासोबत जेवायला बसायचीही बंद झाली. घरात माणसं दोनच, आणि दोघी वेगवेगळ्या वेळी जेवायचो.

असे चार महिने काढल्यावर मी म्हटलं, "चल शाळेत. तूच विचार."

आली की! ठेवणीतली साडी नेसून आली. मुख्य लिपिक पप्पांचे जुने सोबती, "या वहिनी," म्हणत उठून उभे राहिले. आईनं खुर्चीत बसायच्या आधीच सुरुवात केली.

"ही यांच्याच खुर्चीवर बसती ना, भाऊ?"

"हो."

"काम तेच ना?"

"उलट जास्तच. आता सगळं ऑनलाइन झालंय."

"मग पगार का नाय तेवढा?"

"नियम आहे, वहिनी. आणि तिनं तसं लिहून दिलंय."

त्यांनी माझी फाईल काढली आणि हमीपत्र वाचून दाखवलं. तीन वर्षं मानधन मान्य आहे, पुढे फरक मागणार नाही. खाली माझी सही. आईला वाचता येत नाही, पण माझी सही ती ओळखते. त्या कागदावरून तिनं नुसता हात फिरवला.

परतीच्या गाडीत मोहदरीचा घाट उतरल्यावर ती म्हणाली, "वाचून केलीस सही?"

"हो. रुजू झाले त्याच दिवशी. नाही म्हटलं असतं तर अनुकंपाच्या यादीतल्या पुढच्याला घेतलं असतं."

"मग त्याच दिवशी मला नाय का सांगायचं?"

"सांगणारच होते!" माझा आवाज असा चढला की पुढच्या सीटवरची बाई वळून बघायला लागली. "घरी आले तर तू गल्लीभर पेढे वाटत होतीस. पप्पा गेल्यापासून पहिल्यांदा हसत होतीस तू. कसं सांगू?"

आई माझ्याकडे वळली.

"आणि मी तुला चोर म्हणत होते, ते ऐकून घेतलंस?"

"घेतलं."

तिनं तोंडाला पदर लावला आणि भर गाडीत रडायला लागली. तिची समजूत काढावी, एवढंही मला सुचलं नाही. मला पप्पांचा राग आला होता, भयंकर राग. आम्हा दोघींना असं एकमेकींच्या गळ्यात बांधून हा माणूस खुशाल निघून गेला म्हणून.