ध्रुवावरच्या बर्फाचं सरबत

अंटार्क्टिकात गोड्या पाण्याची तळी आहेत, हे आमच्याकडे कुणाला पटत नाही. तिथं बर्फ असतो, पेंग्विन असतात आणि मी झेंडा रोवायला जाते, एवढं सगळ्यांना ठाऊक आहे. प्रत्यक्षात मी तळ्यांच्या तळाचं शेवाळ खरवडते आणि त्यात राहणाऱ्या, नुसत्या डोळ्यांना धड न दिसणाऱ्या आठपायी पाणअस्वलांचा संसार सांभाळते. त्यांना थंडी चालते, उपासमार चालते. उकाडा मात्र सोसत नाही.

मागच्या एप्रिलमध्ये पुण्यातल्या आमच्या प्रयोगशाळेचा शीतकक्ष बंद पडला. जिवंत पाणअस्वलांची एकच बाटली उरली. ती बर्फाच्या पेटीत घालून मी गाडीनं नाशिकला, मैत्रिणीच्या प्रयोगशाळेकडे निघाले. ही बाटली गेली तर नवी मोहीम काढावी लागली असती, आणि मोहिमेला मंजुरी मिळवणं हे ध्रुव गाठण्याहून अवघड. वाटेत वारूळवाडीला भावाकडे चहापुरतं थांबायचं होतं.

भावानं चहाऐवजी मांडव घातला होता. शाल, श्रीफळ आणि सरपंचांचं भाषण. अशा भाषणात सत्कारमूर्तीचा उल्लेख कधीतरी येतो, तेवढ्यासाठी बसून राहावं लागतं. सरपंच डांबरीकरणावरून ध्रुवाकडे वळत असताना माझ्या हातात लिंबू सरबत आलं. त्यात बर्फाचे खडे तरंगत होते.

"बर्फ कुठला रे?" मी शेजारी बसलेल्या भावाला हळूच विचारलं.

"तुझ्या पेटीतला. लई उकडतंय, ताई. पावण्यांना कोमट सरबत द्यायचं व्हय?"

"आणि बाटली?"

"हाय की टेबलावर. हार घातलाय तिला."

तेवढ्यात सरपंचांनी जाहीर केलं की आज गाव साक्षात दक्षिण ध्रुवाचं पाणी प्यालं. टाळ्या पडल्या. एका म्हाताऱ्यानं रिकामा ग्लास डोळ्यांना लावला. तो बर्फ मी सकाळी पुण्यात मासळीवाल्याकडून घेतला होता. पुढच्या रांगेत निम्मे माळकरी होते, त्यामुळे मी गप्प राहिले.

बाटलीवर ऊन आलं होतं. माझ्या दुसऱ्या बाजूला गावच्या दूध डेअरीचे चेअरमन फेटा सावरत बसले होते.

"चेअरमनसाहेब, डेअरीत गार दूध असेल?"

"टाकीभर हाय. का, सरबत न्हाई आवडलं?"

मी बाटली दाखवून काय ते सांगितलं. चेअरमन फेट्यासकट उठले. दहा मिनिटांत बाटली हारासकट गार दुधाच्या कॅनमध्ये आणि कॅन माझ्या गाडीत होता. मागं भाषण चालूच होतं.

नाशिकला मैत्रिणीनं बाटली दुधातून काढून पुसली, काही न विचारता थेंब सूक्ष्मदर्शकाखाली धरला. बराच वेळ काहीच हललं नाही. मग एकानं पाय ताणला, आळस दिल्यासारखा. त्याच्यामागून दुसरं सरकलं.

मी भावाला फोन केला. "जगली रे."

"बरं झालं. सरपंच लई नाराज व्हते, सत्कार अर्धा टाकून गेलीस म्हणून."

"मग तू काय सांगितलंस?"

"सांगितलं, ताईची लेकरं सिरीयस हायेत. मंग काय बोलत्यात?"