कुसुमच्या टीव्हीला मी ‘हं’ म्हणत नाही

गोष्टी म्हणजे शेवग्याच्या शेंगा. एक ओढायला जावं, तर चार डोक्यावर पडतात! आमच्या सिडनीतल्या कॅसल हिलच्या बुधवारच्या बायकांचंही तसंच.

बुधवारी दुपारी सगळ्या माझ्याकडे जमायच्या. हॅरिस पार्कच्या देशी दुकानांतून आणलेली मेथी निवडायची आणि मी गोष्ट सांगायची. नियम एकच, माझ्या आईचा: ऐकणारीने ‘हं’ म्हणायचं. ‘हं’ थांबलं की गोष्ट थांबली! शाळा मी बाहेरूनच पाहिली, पण डॉक्टर-इंजिनिअरांच्या आया माझ्यापुढे ‘हं, हं’ करत माना डोलवायच्या.

मग कुसुमच्या मुलाने टीव्हीवर आफ्रिकेच्या सिनेमा-सिरियलींची वर्गणी भरली. नायजेरिया, घाना, केनिया, सगळं बसल्या जागी. दोन बुधवारांत माझी बैठक मेथीसकट कुसुमकडे!

मी शपथच घेतली. जाईन, बसेन, पण त्या डबड्याला ‘हं’ म्हणणार नाही.

*

पहिल्याच दिवशी पडद्यावर एक सासू आली. सुनेच्या पातेल्यावरचं झाकण उचलून आत डोकावत होती. कुसुम ओरडली, “अगदी माझी सासू!”

मी म्हटलं, “तुझी सासू मी पाहिलीय. गरीब गाय होती बिचारी. झाकणं तर तू उचलतेस, सुनेच्या किचनमध्ये!”

कुसुमने लगेच आवाज वाढवला. टीव्हीचा!

*

खाली इंग्रजी अक्षरं पळतात. आमच्यातली नलिनी ती वाचून मला मराठीत सांगते. तिचं सांगून होईस्तोवर मी रडून, डोळे पुसून मोकळी!

एकदा नवी सिरियल सुरू होते न होते तोच मी म्हटलं, “तो हसरा काका आहे ना, तो पुतण्याची जमीन गिळणार. आमच्या भावकीत असाच एक होता.”

भाग संपता संपता काकाने जमीन गिळलीच. वाटलं, आता तरी म्हणतील, काय बाई आहे ही!

नलिनी म्हणाली, “अक्का, लबाडी हं! आधीच बघून आलात!”

*

कुसुमची शेजारीण ग्रेस, नायजेरियाची, माझ्याच वयाची. ती येऊन बसली की सगळ्यांची माझ्याकडे पाठ! “ग्रेस, हे उखळात काय कुटतात गं?” अगं, उखळाचं मला विचारा की! माझा अर्धा जन्म कुटण्यात गेला!

पुढच्या बुधवारी मी मुद्दाम ठेचा नेला. लवंगी मिरचीचा, मूठभर मिरची जास्तच घालून. ग्रेसने बोटभर चाटला. कुसुम पाण्याचा ग्लास घेऊन उभी.

ग्रेसने बोट पुसलं, गोड हसली आणि नलिनीच्या कानात काहीतरी बोलली.

“काय म्हणते?”

“छान आहे म्हणते, अक्का. पण मिरची घालायची राहिली का, विचारते.”

*

घरी तरी सुख? सुनेनेही तीच वर्गणी घेतली! आठ वर्षांच्या नातीला, सईला, मांडीवर घेतलं आणि सुरू केलं, “आटपाट नगर होतं…”

“आजी, स्किप इंट्रो!”

*

परवाचा बुधवार. सईला शाळेची सुट्टी होती. ‘गुडघा धरलाय’ असा निरोप पाठवून मी कुसुमकडे गेलेच नाही. सून ऑफिसला. घरात सई आणि मी.

दुपारी बेल वाजली. सईने दार उघडलं तर सगळ्या दारात, ग्रेससुद्धा! आणि मेथीच्या जुड्या!

“अक्का, कुसुमचं नेट गेलंय,” नलिनी आत येत म्हणाली. “तुमची गोष्ट सांगा. खरं सांगू? तुमच्याशिवाय मजा नाही हो!”

हेच ऐकायला मी किती बुधवार कान टवकारून बसले होते! पण समोर टीव्ही चालू. त्या काकाच्याच सिरियलीचा सकाळपासूनचा पाचवा भाग. पुतण्याची बायको कोर्टाच्या पायऱ्या चढतेय, आणि रिमोट कुठेच सापडेना!

तेवढ्यात चित्र आपोआप थांबलं. वर इंग्रजी अक्षरं आली.

कुसुमने चष्मा नाकावर चढवला. सावकाश वाचलं. मग माझ्या गुडघ्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

“अक्का, तो विचारतोय, अजून बघताय ना?”

ग्रेससुद्धा माझ्या तोंडाकडे बघत होती.

मी एक जुडी ओढली, मांडीवर घेतली, आणि म्हटलं,

“हं!”