वीतभर अक्षरांचा मथळा

ओताकार वानेक शिकागोच्या एका मोठ्या वर्तमानपत्रात एकतीस वर्षं छपाईचे खिळे जुळवत होता. इतक्या वर्षांत त्याच्या हातून एक अक्षर चुकलं नव्हतं, आणि हे तो कुणालाही ऐकवल्याशिवाय सोडत नसे. आता खिळे जुळवणाऱ्यांच्या संपाला वर्ष होत आलं होतं. मेला पेपर मात्र त्यांच्यावाचून रोज निघत होता. कधीतरी त्याची मोठी फजिती व्हावी, म्हणजे मालक झक मारत आपल्याला बोलावील, एवढ्या एका आशेवर माणसं थंडीत फाटकासमोर उभी राहत.

नोव्हेंबरात फजिती झाली. मतमोजणी संपायच्या आधीच पेपरने पहिल्या पानावर वीतभर अक्षरांत राष्ट्राध्यक्ष जाहीर केला, आणि सकाळी निवडून आला दुसराच. संपाची पाटी गळ्यात अडकवलेला रुडी हसून हसून वाकला. "घ्या, काढा आमच्याशिवाय पेपर," तो फाटकाकडे बघून म्हणाला.

दुपारपर्यंत फाटक त्यांच्यासाठी उघडलं नाही. ओताकार तो अंक घेऊन घरी आला. त्याची बायको ल्युडमिला हिने सूप उतरवलं, हात पुसले आणि मथळा वाचला.

"तू कामावर असतास, तर हे टळलं असतं ना रे?"

ओताकारने मथळ्याच्या एकेका अक्षरावरून बोट फिरवलं.

"नाही," तो म्हणाला. "वरून आलं असतं तसंच जुळवलं असतं. एक अक्षर न चुकता."