टुंबा ग्रहाचं कॅलेंडर आणि हसनभाईंची रजा

किस्से एसीच्या फिल्टरमधल्या धुळीसारखे साठतात. रोज काही दिसत नाही, आणि एक दिवस झाकण उघडलं की ढीगभर! नव्वदच्या दशकात ओमानमधल्या सोहारला एका फॅब्रिकेशन कंपनीच्या कॅम्पात आम्ही चौघं एका खोलीत राहायचो. मी एसी टेक्निशियन, कदम वेल्डर, गुरव ड्राफ्ट्समन आणि मेसचे कुक हसनभाई, दापोलीकडचे. दिवसभर हिंदी नि मोडकी अरबी फेकून आलो की संध्याकाळी मराठीत भांडायचं, हीच करमणूक.

*

कदमच्या घरून लोणच्याची बरणी आली. तिला गुंडाळलेलं कॅलेंडर त्याने सरळ केलं, भिंतीला लावलं आणि त्यात बघून संकष्टी धरायला लागला. हसनभाई बिचारे त्याच्यापुरती साबुदाण्याची खिचडी करायचे. तीन महिन्यांनी त्यांनीच चष्मा लावून वर बघितलं.

"कदम, अरे, हे तर गेल्या वर्षीचं!"

कदमचा चेहरा असा पडला की विचारू नका. हसनभाईंनाच दया आली. म्हणाले, "जाऊ दे रे. खिचडी तर ह्याच वर्षीची होती ना!"

*

गुरव वैतागला. "कंपनीचं कॅलेंडर वेगळं, ईदचं वेगळं, कदमचं तर वर्षभर मागे! थांबा, मीच एक करतो." आणि पठ्ठ्याने खरंच केलं! कॅलेंडर करायला ग्रह लागतो, म्हणून आधी ग्रह काढला. नाव टुंबा. का, तर त्याच्या भाच्याला घरी टुंबा म्हणायचे.

टुंब्यावर आठवडा आठ दिवसांचा आणि शनिवार नाहीच. आमचा आठवडा शनिवारी सुरू व्हायचा, त्याचा राग! महिन्यांची नावं तापलं, भाजलं, करपलं अशी. आणि वर्ष म्हणजे एका रजेपासून दुसऱ्या रजेपर्यंत, आपली दोन वर्षं. हे सगळं ट्रेसिंग पेपरवर काळ्या शाईने, झकास अक्षरात, दारामागे!

*

टुंब्याच्या आकाशात गुरवने चंद्र दोन काढले. हसनभाई कणीक मळता मळता आले, बघितलं.

"दोन चंद्र म्हणजे ईद दोनदा?"

"दोनदा!" गुरव खूश.

"आणि रोजे?"

गुरव विचारात पडला. "तेही दोनदा धरावे लागतील."

"खलास! एकच ठेव."

ट्रेसिंगवरची शाई ब्लेडने खरवडता येते. गुरवने दुसरा चंद्र तिथल्या तिथे खरवडून टाकला.

*

दोन वर्षांचं एक झालं म्हणजे वयं निम्मी! चव्वेचाळिसाचा कदम एकदम बाविसाचा झाला, भांग बदलला, आणि बायकोला पत्रात सगळं सविस्तर कळवलं. महिन्याभराने वहिनींचं उत्तर आलं.

"तुमच्या टुंब्याच्या हिशोबाने आपल्या लग्नात मी दहा वर्षांची होते. पोलिसात तुम्ही जाता की मी जाऊ?"

भांग परत होता तसा झाला.

*

एकदा अर्बाब, म्हणजे आमचे ओमानी मालक, कॅम्प बघायला आले. झक्क हिंदी बोलायचे. दारामागचं कॅलेंडर बघून थांबले, गुरवकडून सगळं समजून घेतलं, पोट धरून हसले. आम्ही म्हटलं, वा, काय दिलदार माणूस!

पुढच्याच महिन्यात हसनभाईंच्या रुबीनाचं लग्न ठरलं. तारीख मेची, कारण नवरामुलगा कुवेतला, त्याला रजा मेमध्येच. हसनभाईंची रजा ऑगस्टमध्ये. एकुलती एक पोर! अर्ज घेऊन ते ऑफिसात गेले. अर्बाब गोड हसून म्हणाले, "भाई, तुम्हारे ही कॅलेंडर में साल छुट्टी से छुट्टी तक है. तुम्हारा साल अभी खतम कहाँ हुआ? ऑगस्ट में, इन्शाल्ला."

हसनभाई परत आले ते थेट मेसमध्ये शिरले. त्या दिवशी डाळीत मीठच नव्हतं, आणि कुणी मागितलंही नाही. गुरव तर मान वर करेना. त्याच्या चेष्टेने एका बापाची रजा गेली होती. मला त्याचा भयंकर राग आला होता, आणि खरं सांगायचं तर कीवही.

*

शुक्रवारी सुट्टी होती. गुरवने सकाळीच ब्लेड काढलं. वर्षाचा नियम पार खरवडून काढला आणि त्या जागी नवा लिहिला: "टुंब्यावर माणूस घरी असेल तेवढेच दिवस मोजतात. बाकीचे धरत नाहीत." मग म्हणाला, "हसनभाई, रुबीनाचं वय सांगा."

"एकोणीस. मी इथे आलो आणि मागून ती झाली."

"तेव्हापासून रजा किती?"

"नऊ. दोन-दोन महिन्यांच्या."

गुरवने हिशोब मांडला, तोच घालून नवा अर्ज लिहिला आणि शनिवारी आम्ही चौघंही ऑफिसात जाऊन उभे राहिलो. अर्बाबनी अर्ज वाचला, परत वाचला.

"डेढ साल की बच्ची की शादी? पागल हो गये क्या?"

हसनभाई खाली बघत म्हणाले, "क्या करूँ अर्बाब, उतनीच देखी है मैंने."

एसीचा आवाज तेवढा चालू होता. तो मीच दुरुस्त केलेला, तरी घरघरत होता मेला. अर्बाबनी पेन शोधलं, सही केली, शिक्का मारला आणि आमच्याकडे न बघता म्हणाले, "यल्ला, जाओ."

*

लग्न लावून जुलैत हसनभाई परत आले. बॅग ठेवली आणि आधी लाडवांचा डबा फोडला. कदमला दम कुठला! तोंडात लाडू, तरी विचारलंच, "हसनभाई, सासरी जाताना पोरगी रडली का हो?"

"रडणारच ना रे," हसनभाई म्हणाले. "दीड वर्षाचं पोर ते!"